वजनावरून काढलेले माप प्रत्यक्षाशी जुळत नसेल, तर कोणत्या क्रमाने तपासावे

पोलादाच्या फॅब्रिकेशन कारखान्यात साठा आणि खरेदी सांभाळताना एकच तक्रार माझ्यासमोर वर्षानुवर्षे येत राहिली आहे. वस्तूचे वजन केले, त्याला धातूच्या घनतेने भागून घनफळ काढले, घनफळावरून हवे ते माप काढले, आणि ते माप टेपने किंवा व्हर्नियरने (जाडी-व्यास बारकाईने मोजणाऱ्या सरकत्या मापकाने) घेतलेल्या मापाशी जुळले नाही. कधी पत्र्याची जाडी कमी भरते, कधी वेटोळ्यातली तार हिशेबाच्या आधीच संपते, कधी गजांची एकूण लांबी कागदावर जास्त आणि जागेवर कमी निघते. अशा वेळी पुरवठादारावर संशय घेतला जातो, किंवा त्याहून वाईट म्हणजे घनतेचा आकडा थोडा वरखाली करून उत्तर जुळवून घेतले जाते. ही दुसरी सवय मोडावी, या मुख्य हेतूने मी हे लिहीत आहे. घनता हा त्या धातूचा गुणधर्म आहे. उत्तर जुळवण्यासाठी तिचा आकडा बदलला, की खरी चूक आहे तिथेच राहते आणि पुढच्या मालात पुन्हा डोके वर काढते.

आधी एक गोष्ट स्पष्ट असावी. वजन आणि घनता यांतून घनफळ हा एकच आकडा मिळतो, आणि एका आकड्यातून एकच अज्ञात माप निघू शकते. पत्र्याची लांबी-रुंदी ठाऊक असेल तर जाडी काढता येते, गजाचा व्यास ठाऊक असेल तर लांबी काढता येते, आणि लांबी ठाऊक असेल तर व्यास. दोन मापे अज्ञात असतील, तर त्यांच्यातले प्रमाण तरी माहीत असावे लागते. तेही नसेल तर चूक शोधण्याचा प्रश्नच उद्भवत नाही, कारण उत्तर काढण्याइतकी माहितीच हाती नसते.

लक्षणे

तफावत किती आहे आणि ती कोणत्या दिशेला आहे, हे शोधाशोध सुरू करण्यापूर्वी टक्क्यांत लिहून ठेवावे. तफावतीचा आकडाच बहुतेक वेळा कारण सांगतो, असा माझा अनुभव आहे.

उत्तर दहा, शंभर किंवा हजार पटींनी चुकत असेल, तर एककांत गोंधळ आहे. ते चौपट किंवा चौथाई येत असेल, तर व्यासाच्या जागी त्रिज्या किंवा त्रिज्येच्या जागी व्यास घेतला गेला आहे. जाडी अपेक्षेच्या साधारण एक-तृतीयांश भरत असेल, तर ॲल्युमिनियमचा तुकडा पोलाद समजून हिशेबात गेला आहे. गजांच्या लांबीत १० ते १२ टक्के फरक पडत असेल, तर सूत आणि मिलिमीटर यांची सरमिसळ झाली आहे. पत्र्यात सुमारे ५ टक्के फरक दिसला, तर जाडीच्या आधी पत्र्याचा आकार मोजावा. पाइपमध्ये ६-७ टक्के फरक असेल, तर भिंतीच्या जाडीचे सूत्र घाईत वापरले गेले आहे.

टक्क्यांत न बसणारी दोन लक्षणेही आहेत. माल ५० किलो असो वा ५०० किलो, फरक दरवेळी तेवढ्याच किलोंचा येत असेल, तर मालासोबत आणखी काहीतरी तोलले जात आहे. आणि तोच तुकडा तीनदा तोलल्यावर तीन वेगळी उत्तरे येत असतील, तर काटा तपासावा लागेल.

पहिली तपासणी: एकके

हिला कागद आणि पेन यांशिवाय काहीही लागत नाही, म्हणून ती सर्वांत आधी करावी. पोलादाची घनता ७,८५० किलो प्रति घनमीटर किंवा ७.८५ ग्रॅम प्रति घन सेंटिमीटर अशी लिहितात. दोन्ही आकडे बरोबर आहेत. फक्त पहिल्याबरोबर सगळी मापे मीटर आणि किलोत हवीत, आणि दुसऱ्याबरोबर सेंटिमीटर आणि ग्रॅममध्ये. कारखान्यात मात्र मापे मिलिमीटरमध्ये आणि वजन किलोत असते, म्हणजे या दोन्ही जोड्यांत ते थेट बसत नाही. मिलिमीटरचे सेंटिमीटर करताना लांबीसाठी दहाने, क्षेत्रफळासाठी शंभराने आणि घनफळासाठी हजाराने भागावे लागते, आणि नेमके इथेच लांबीचा दहा हा आकडा घनफळालाही लावला जातो.

यावर माझा उपाय असा, की दोन आकडे प्रत्येकाने पाठ करावेत. एक चौरस मीटर क्षेत्रफळाच्या आणि १ मिमी जाडीच्या पोलादी पत्र्याचे वजन ७.८५ किलो असते. आणि गोल गजाचे एका मीटरचे किलोतील वजन म्हणजे व्यासाचा मिलिमीटरमधील वर्ग भागिले १६२. हा १६२ कुठून आला, हेही समजून घ्यावे. पायचा चौथा भाग, म्हणजे ०.७८५४, याला ७,८५० ने गुणून दहा लाखांनी भागले की ०.००६१६५ मिळते, आणि त्याचा व्यस्त साधारण १६२.२ येतो. पोलादाची घनता या १६२ मध्ये आधीच मुरलेली आहे. त्यामुळे तांब्याच्या किंवा पितळेच्या गजाला हेच सूत्र लावणारा माणूस नकळत पोलादाची घनता वापरत असतो, आणि ही चूक मी कितीतरी वेळा पाहिली आहे.

दुसरी तपासणी: नाव आणि खरे माप एकच आहे का

बाजारात वस्तू ज्या नावाने मिळते, ते नाव म्हणजे तिचे माप नव्हे. सर्वाधिक तक्रारी मी याच पायरीवर मिटवल्या आहेत, म्हणून इथे थोडे थांबतो. लागणारे साहित्य म्हणजे एक टेप आणि एक व्हर्नियर.

आपल्याकडे बांधकामावरचे मुकादम अजूनही गज सुतात सांगतात. एक सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, म्हणजे ३.१७५ मिमी. ‘चार सुती’ म्हणून मागवलेला गज प्रत्यक्षात १२ मिमीचा येतो, पण सुताचे काटेकोर रूपांतर केले तर १२.७ मिमी होतात. १२ मिमीच्या गजाचे मीटरला वजन सुमारे ०.८८९ किलो, तर १२.७ मिमीच्या हिशेबाने ते ०.९९६ किलो. ५०० किलोच्या मालात पहिल्या हिशेबाने साधारण ५६२ मीटर गज निघतो आणि दुसऱ्याने ५०२ मीटर. हा ६० मीटरचा फरक कोणी चोरलेला नसतो, तो भाषेतून आलेला असतो. ‘तीन सुती’च्या बाबतीत गंमत अशी, की फरक उलट दिशेला जातो: तीन सूत म्हणजे ९.५२५ मिमी, आणि येणारा गज मात्र १० मिमीचा. म्हणून एकाच साठ्यात एका गजाची लांबी हिशेबापेक्षा जास्त आणि दुसऱ्याची कमी निघू लागली, तर मी आधी मागणीची चिठ्ठी मागवतो.

पाइपचेही असेच आहे. दीड इंची म्हणून ओळखल्या जाणाऱ्या, म्हणजे ४० एनबीच्या पोलादी पाइपचा बाहेरचा व्यास ४८.३ मिमी असतो. तो ४० मिमीही नसतो आणि दीड इंच म्हणजे ३८.१ मिमीही नसतो. एनबी, म्हणजे नॉमिनल बोअर, हे फक्त नाव आहे. पाइपला व्हर्नियर लावल्याशिवाय हिशेबात एकही आकडा लिहू नये.

पत्र्याच्या गेजचा घोळ याहून जुना आहे. ब्रिटिश तारगेजनुसार १६ गेज म्हणजे १.६२६ मिमी, तर अमेरिकेतल्या पोलादी पत्र्याच्या गेजनुसार १६ गेज म्हणजे १.५१९ मिमी. एकाच शब्दात ६-७ टक्क्यांचा फरक दडलेला असल्यामुळे खरेदीच्या कागदावर गेज लिहूच नये, मिलिमीटर लिहावेत, असा आग्रह मी धरत आलो आहे.

पत्र्याच्या आकाराबाबत माझ्याकडून घडलेली एक चूक सांगितली पाहिजे, कारण तिची मला आजही खंत वाटते. १.६ मिमीच्या पत्र्यांचा एक गठ्ठा आला होता आणि एकेका पत्र्याचे वजन ३७.४ किलो भरत होते. आमच्याकडे त्या काळात बहुतेक पत्रे २,५०० × १,२५० मिमीचे येत, म्हणून मी क्षेत्रफळ ३.१२५ चौरस मीटर धरले. जाडी १.५२ मिमी निघाली. जाडी कमी असल्याचा शेरा मारून मी पूर्ण गठ्ठा परत पाठवला. पुरवठादाराने त्याच्या गोदामात टेप लावला तेव्हा पत्रे आठ फूट बाय चार फुटांचे, म्हणजे २,४४० × १,२२० मिमीचे निघाले. त्यांचे क्षेत्रफळ २.९७७ चौरस मीटर होते, आणि त्यावरून जाडी अगदी १.६० मिमी येत होती. एका मिनिटाचे काम मी केले नव्हते आणि एका प्रामाणिक माणसाला त्यासाठी दोन्हीकडचे भाडे पडले. तेव्हापासून, कोणत्याही पत्र्याची जाडी वजनावरून काढण्यापूर्वी त्याची लांबी, रुंदी आणि दोन्ही कर्ण टेपने मोजायचे, हा आमच्याकडे नियम झाला. कर्ण अशासाठी, की ते सारखे नसतील तर पत्रा काटकोनात कापलेला नाही आणि लांबी-रुंदीच्या गुणाकाराने क्षेत्रफळ थोडे जास्त येते.

तिसरी तपासणी: काट्यावर नेमके काय ठेवले होते

जुन्या काट्यावर तोलणारे लोक आधी धडा करत, म्हणजे रिकाम्या भांड्याचे वजन हिशेबातून बाजूला काढत. आता इलेक्ट्रॉनिक काट्यावर एक बटण दाबले की ते काम होते, आणि त्यामुळेच ते विसरले जाते. लाकडी पॅलेट, बंडलाभोवतीच्या पोलादी पट्ट्या, तारेचे रीळ, पत्र्यांमधला कागद, तेल, पावसात भिजलेले पाणी, हे सगळे वजनात येते आणि घनफळाच्या हिशेबात धातू म्हणून मोजले जाते. रिळाचे वजन रिळावर छापलेले असले तरी त्यावर विसंबून राहू नये. तार संपल्यावर रिकामे रीळ तोलून त्यावरच मार्करने आकडा लिहून ठेवावा, म्हणजे पुढच्या वेळी शोधावे लागत नाही.

मोटार रिवाइंडिंग करणाऱ्यांना या पायरीवर आणखी एक अडचण येते, आणि ती वजनापेक्षा व्यासाची आहे. इनॅमल, म्हणजे वीजरोधक लेप, चढवलेल्या तांब्याच्या तारेवर मायक्रोमीटर लावला की इनॅमलसकट व्यास मिळतो. समजा तांबे ०.५० मिमीचे आहे आणि इनॅमलसह व्यास ०.५४ मिमी भरतो. तांब्याची घनता ८.९६ धरली तर ०.५० मिमीच्या तारेचे मीटरला १.७६ ग्रॅम होतात, आणि ५ किलोच्या वेटोळ्यात सुमारे २,८४० मीटर तार निघते. इनॅमलचे स्वतःचे वजन धरले तर याहून थोडी कमी. तोच हिशेब ०.५४ मिमीने केला तर मीटरला २.०५ ग्रॅम येतात आणि लांबी अवघी २,४४० मीटर दिसते. मिमीच्या चार शतांश भागांनी चारशे मीटर तार कागदावरून नाहीशी होते. म्हणून तुकड्याच्या टोकावरचे इनॅमल बारीक सँडपेपरने अलगद काढून मगच व्यास घ्यावा.

जस्तलेपित पत्र्याच्या बाबतीत आपण कोणती जाडी काढत आहोत हे आधी ठरवावे लागते. १२० ग्रॅमचा लेप म्हणजे एका चौरस मीटर पत्र्यावर दोन्ही बाजू मिळून १२० ग्रॅम जस्त. जस्ताची घनता ७.१४ असल्याने त्याची दोन्ही बाजूंची मिळून जाडी सुमारे ०.०१७ मिमी होते. जाड पत्र्यात हा फरक जाणवतही नाही, पण ०.५० मिमीच्या पत्र्यात तो तीन टक्क्यांहून अधिक भरतो. वजनावरून निघणारी जाडी लेपासहित असते, आणि करारात लिहिलेली जाडी आतल्या पोलादाची असेल तर दोहोंत फरक पडणारच.

गंजाविषयी एकच सांगतो. चिकटून राहिलेला गंज वजन वाढवतो, कारण त्यात लोखंडासोबत हवेतला ऑक्सिजन आणि ओलावा असतो, आणि झडून गेलेला गंज वजन घटवतो. तेव्हा गंजका माल तारेच्या ब्रशने साफ करूनच तोलावा.

चौथी तपासणी: काटा या कामाला पुरेसा बारीक आहे का

काटा चुकीचा असण्यापेक्षा त्या कामाला तो अयोग्य असण्याचे प्रमाण फार मोठे आहे. १५० किलोच्या प्लॅटफॉर्म काट्याचे लघुतम माप, म्हणजे त्याचे एक घर, २० ग्रॅम असेल आणि त्यावर ६०० ग्रॅमचा तुकडा तोलला, तर एका घराच्या फरकानेच वजन तीन टक्क्यांहून अधिक हलते. त्यावरून काढलेल्या मापात दोन दशांश स्थळे लिहिण्याला काही अर्थ उरत नाही. उपाय स्वस्त आहे: सारख्या लांबीचे दहा तुकडे एकत्र तोलावेत आणि दहाने भागावे. भुईकाट्यावर ट्रक तोलून त्यातल्या दोनशे किलो मालाची लांबी काढण्याचा प्रयत्नही मी पाहिला आहे. ज्या काट्याचे घरच १० किलोचे, ज्यात टाकीतले डिझेल कमीजास्त होते आणि चालक एकदा गाडीत तर एकदा खाली असतो, त्याच्याकडून ही अपेक्षा करू नये.

काट्याची पातळी दाखवणारा बुडबुडा मधोमध आहे का ते पाहावे, रिकाम्या काट्यावर शून्य येते का ते पाहावे, आणि तीच वस्तू मध्यभागी व चारही कोपऱ्यांत ठेवून आकडा बदलतो का ते पाहावे. कोपऱ्यात वेगळे वजन येत असेल तर आतला लोडसेल (भार जाणून घेणारा भाग) किंवा त्याची बसण बिघडलेली असू शकते. ते दुरुस्त करण्याचा विचार मनातही आणू नये. त्याविषयी शेवटी लिहिले आहे.

पाचवी तपासणी: घनता कोणत्या धातूची

इथपर्यंत सगळे ठीक निघाले, तरच घनतेकडे वळावे. साध्या पोलादासाठी ७.८५, ३०४ जातीच्या स्टेनलेस स्टीलसाठी सुमारे ७.९३, ॲल्युमिनियमसाठी २.७०, तांब्यासाठी ८.९६, शिशासाठी ११.३४ हे आकडे बिनधास्त वापरता येतात. पितळेचे मात्र एकच एक मूल्य नाही. तांबे आणि जस्त यांच्या प्रमाणानुसार ते साधारण ८.४ ते ८.७ असते. राखाडी बिडाचे ७.१ ते ७.३ च्या आसपास असते, आणि बिडाला ७.८५ लावले की ८-९ टक्क्यांची चूक ठरलेली.

लोहचुंबक ही पहिली चाचणी. ती पोलाद आणि ॲल्युमिनियम, तांबे, पितळ यांत लगेच भेद करते. स्टेनलेसच्या बाबतीत ती सावधपणे वापरावी, कारण ३०४ एरवी चुंबकाला दाद देत नसले तरी वाकवलेल्या किंवा ओढलेल्या जागी ते थोडेसे चिकटते.

खात्री करायची असेल तर घनता पुस्तकातून न घेता त्याच वस्तूच्या तुकड्यावरून काढावी. यासाठी ०.१ ग्रॅमपर्यंत मोजणारा छोटा काटा, पाण्याचे भांडे आणि दोरा पुरतो. तुकडा कोरडा तोलून घ्यावा. मग पाण्याचे भांडे काट्यावर ठेवून काटा शून्य करावा. तुकडा दोऱ्याने बांधून हातात न धरता एखाद्या आडव्या काठीला टांगावा आणि पूर्ण बुडेल, पण तळाला किंवा बाजूंना कुठेही टेकणार नाही, असा सोडावा. पाणी तुकड्याला जेवढ्या जोराने वर ढकलते, तेवढ्याच जोराने तुकडा पाण्याला खाली ढकलतो, म्हणून काट्यावर येणारा ग्रॅमचा आकडा म्हणजे बाजूला सारलेल्या पाण्याचे वजन, आणि जवळजवळ तेवढेच घन सेंटिमीटर त्या तुकड्याचे घनफळ. उन्हाळ्यातल्या ३० अंशांच्या पाण्याची घनता ०.९९६ असते, तेव्हा फार काटेकोर व्हायचे असेल तर आलेल्या आकड्याला तिने भागावे.

उदाहरणार्थ, तांब्याचा म्हणून विकलेला तुकडा कोरडा ४२६ ग्रॅम भरला आणि पाण्यात आकडा ५० आला, तर घनता ८.५ च्या आसपास निघते. तांबे असते तर आकडा ४७ ते ४८ च्या दरम्यान यायला हवा होता. म्हणजे तो तुकडा पितळेचा असण्याचीच शक्यता अधिक. फरक अवघ्या अडीच ग्रॅमचा आहे, म्हणून स्वयंपाकघरातला एक ग्रॅमचा काटा इथे अपुरा पडतो. तुकड्याला हवेचे बुडबुडे चिकटले तर घनफळ जास्त दिसते आणि घनता कमी. पाण्यात भांड्याच्या साबणाचा एक थेंब टाकला आणि तुकडा हलकेच हलवला की ते सुटतात.

‘उन्हाळ्यात धातू प्रसरण पावला म्हणून माप चुकले’ हे कारण मला पुष्कळदा ऐकवले गेले आहे. पोलादाचे तापमान २० अंशांनी वाढले तर त्याचे घनफळ एका टक्क्याच्या दशांशाहूनही कमी वाढते. आपण शोधत असलेली चूक त्यात नसते.

सहावी तपासणी: आकार आपण मानला तसाच आहे का

ही सर्वांत अवघड पायरी आहे, कारण इथे चूक मोजण्यात नसून मानण्यात असते. सूत्र आदर्श आकारासाठी लिहिलेले असते आणि वस्तू तशी असेलच असे नाही.

काँक्रीटमध्ये वापरल्या जाणाऱ्या टीएमटी गजावर आडव्या-तिरक्या कडा असतात. १२ मिमीच्या गजावर कडांसकट व्हर्नियर लावला तर १३ मिमी भरू शकतात, आणि कडांच्या मध्ये लावला तर १२ हून कमी. दोन्ही आकडे हिशेबाच्या दृष्टीने चुकीचेच. म्हणूनच आयएस १७८६ या भारतीय मानकात छेदाचे क्षेत्रफळ वजनावरूनच काढायला सांगितले आहे: निदान अर्धा मीटर लांबीचा तुकडा घ्यायचा, त्याचे किलोतील वजन ०.००७८५ आणि मीटरमधील लांबी यांच्या गुणाकाराने भागायचे, आणि येणारे चौरस मिलिमीटर हेच त्याचे क्षेत्रफळ. त्याच मानकात वजनाची सूटही दिलेली आहे. एकूण मालासाठी १० मिमीपर्यंतच्या गजाला ७ टक्के, त्यापुढे १६ मिमीपर्यंत ५ टक्के आणि त्याहून जाड गजाला ३ टक्के कमी किंवा जास्त. म्हणजे १० मिमीच्या मालाचे वजन मीटरला ६१७ ऐवजी सरासरी ५८० ग्रॅम भरले आणि त्यावरून व्यास ९.७ मिमी निघाला, तर तुमचा हिशेबही बरोबर आहे आणि मालही मानकात बसतो. इथे चूक शोधत बसू नये. मात्र लांबीचा अंदाज त्या खऱ्या ५८० ग्रॅमवरून करावा.

या उदाहरणात वजन ६ टक्क्यांनी कमी असूनही व्यास ३ टक्क्यांनीच कमी निघाला, हेही ध्यानात घेण्यासारखे आहे. व्यास काढताना वर्गमूळ घ्यावे लागते, त्यामुळे वजनातली चूक निम्मी होते. उलट व्यास मोजून लांबी काढायची असेल तर व्यासातली चूक दुप्पट होते: ८ मिमीच्या गजावर व्हर्नियर एका दशांशाने चुकला, तर लांबी अडीच टक्क्यांनी चुकते. तेव्हा तार किंवा गजाची लांबी काढायची असेल तेव्हा व्हर्नियरवर विसंबण्यापेक्षा मोजून कापलेला एक मीटरचा तुकडा तोलावा आणि सगळ्या मालाच्या वजनाला त्याने भागावे. त्यात व्यासही लागत नाही आणि घनताही लागत नाही, म्हणून मला ही रीत सर्वांत भरवशाची वाटते.

पाइपच्या बाबतीत घाईने केला जाणारा हिशेब असा असतो, की भिंत उलगडून सरळ पट्टी समजायची आणि तिची रुंदी बाहेरच्या परिघाएवढी धरायची. खरी रुंदी ही बाहेरच्या आणि आतल्या परिघाची सरासरी असते. म्हणून मीटरला वजन काढताना ०.०२४६६ × जाडी × (बाहेरचा व्यास वजा जाडी) असे सूत्र वापरावे. ४८.३ मिमी व्यास आणि ३.२५ मिमी भिंत असलेल्या पाइपचे वजन याने ३.६१ किलो येते, तर जाडी वजा न करता ३.८७ किलो, म्हणजे ७ टक्के जास्त. उलट वजनावरून भिंतीची जाडी हवी असेल तर आधी आतला व्यास काढणे सोपे जाते: बाहेरच्या व्यासाच्या वर्गातून मीटरच्या वजनाची १६२.२ पट वजा करायची आणि वर्गमूळ घ्यायचे. वरच्या पाइपला हे लावले तर आतला व्यास ४१.८ मिमी येतो, आणि ४८.३ मधून तो वजा करून निम्मे केले की ३.२५ मिमी परत मिळतात. मात्र ही पूर्ण पाइपची सरासरी जाडी आहे. भिंत एका बाजूला जाड आणि दुसऱ्या बाजूला पातळ असली तरी वजनाला ते कळत नाही.

चौकोनी नळीचे कोपरे गोलाई घेतलेले असतात, म्हणून टोकदार कोपऱ्यांच्या हिशेबापेक्षा तिचे वजन थोडे कमीच भरते. नक्षीच्या पत्र्यात उठावाचे वजन मिसळलेले असते, आणि त्याची मूळ जाडी उठावाच्या मधल्या सपाट जागेवर मायक्रोमीटर लावूनच घ्यावी. ओतीव वस्तूंमध्ये आत पोकळी राहिलेली असू शकते. बिडाच्या तुकड्याची पाण्यातली घनता ७.१ ऐवजी ६.६ वगैरे येऊ लागली, तर हिशेब पुन्हा तपासावा, आणि तो बरोबर असेल तर पुढे जाऊ नये.

कुठे थांबावे

ओतीव भागात पोकळीचा संशय आला, तर ती किती मोठी आणि कोठे आहे हे वजनावरून कधीच कळणार नाही. तो भाग भार घेणारा किंवा फिरणारा असेल, तर अल्ट्रासॉनिक किंवा रेडिओग्राफी चाचणी करणाऱ्यांकडे द्यावा आणि तोपर्यंत वापरू नये.

बॉयलर, दाबाखालची टाकी किंवा वाफेची पाइपलाइन यांच्या भिंतीची जाडी वजनावरून काढून सुरक्षिततेचा निर्णय घेऊ नये. वजन सरासरी सांगते आणि भिंत फुटते ती सर्वांत पातळ जागी. तिथे सक्षम तपासनिसाने जागोजागी घेतलेली जाडीच ग्राह्य धरावी.

काट्यावर शंका असेल, कोपऱ्यांत वेगळे आकडे येत असतील किंवा शून्य टिकत नसेल, तर काटा उघडू नये आणि त्यावरचे सील तोडू नये. व्यवहारात वापरल्या जाणाऱ्या इलेक्ट्रॉनिक काट्याची पडताळणी दरवर्षी वैध मापन शास्त्र यंत्रणेकडून करून घेणे बंधनकारक आहे. दुरुस्ती परवानाधारक कारागिराकडून करून घ्यावी आणि त्यानंतर पुन्हा पडताळणीचा शिक्का घ्यावा. तोवर त्या काट्यावर काढलेले कोणतेही माप कोणाविरुद्ध पुरावा म्हणून पुढे करू नये.

आणि स्लॅब, बीम किंवा कॉलमसाठी आलेला गज मानकातल्या सुटीपेक्षाही हलका भरत असेल, तर व्यास कमी आहे असे मानून जागेवरच गजांची संख्या वाढवण्याचा निर्णय मुकादमाने किंवा साठा सांभाळणाऱ्याने घेऊ नये. तो माल बाजूला काढून ठेवावा, वापर थांबवावा आणि संरचना अभियंत्याला कळवावे. मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत पाठवताना वेगवेगळ्या बंडलांतून नमुन्यांचे तुकडे घ्यावेत. त्यांची लांबी प्रयोगशाळेला आधी विचारून घ्यावी, कारण ताणचाचणीला अर्धा मीटर पुरत नाही. प्रत्येक तुकड्याला बंडलावरच्या हीट नंबरची (पोलादाच्या कोणत्या ओतीतला माल ते सांगणाऱ्या क्रमांकाची) चिठ्ठी बांधावी, सोबत मिल टेस्ट सर्टिफिकेटची, म्हणजे उत्पादकाच्या चाचणी-दाखल्याची, प्रत द्यावी, आणि आपण घेतलेली वजने, लांबी व काट्याचे लघुतम माप एका कागदावर लिहून तो जोडावा.